मेजर जनरलसाहेबाचा पोशा

पोशा भोईराला कुठलीही तारीख विचारा, तो साल सांगत नसे, साहेबाचा हुद्दा सांगे. लग्न कधी झालं? "साहेब कॅप्टन व्हता तवा, शेवटच्या उन्हाल्यान." मुलगी मंजुळा कधीची? साहेब मेजर होऊन वर्ष झालं होतं तेव्हाची. आई वारली ती साहेब ब्रिगेडियर असताना, आणि घरावर कौलं चढली ती साहेब मेजर जनरल झाला त्या दिवाळीत. स्वतःच्या आयुष्यातली एकही गोष्ट या माणसाने स्वतःच्या नावावर ठेवली नव्हती. मला या सवयीचं आधी हसू यायचं. नंतर नंतर अंगाचा तिळपापड व्हायला लागला.

वडील गेल्यावर भिवंडीतला आमचा टायपिंग क्लास मी चालवायला घेतला. सकाळी मुलं 'ए एस डी एफ' बडवायची आणि दुपारी गावातले लोक अर्ज घेऊन यायचे. लूमचं लायसन, रेशनकार्ड, पोराची नोकरी. अर्ज टाइप करणाऱ्या बाईला लोक डॉक्टरइतकं खरं सांगतात, कारण अर्जात काय घालायचं नि काय लपवायचं हे तिला ठाऊक असावं लागतं. पोशा पहिल्यांदा आला तो बाहत्तर-त्र्याहत्तरच्या सुमाराला. खाकी सदरा, त्याच खाकीची विजार, कडा अशा इस्त्रीच्या की बोट कापेल. टेमघरच्या बाजूला इस्माईलशेठच्या लूमच्या कारखान्यावर तो वॉचमन होता. दारात उभा राहून टाच आपटली आणि म्हणाला, "बाय, इलायतेला चिठ्ठी धाडायची हाय. मेजर जनरल विंडरबीसाहेबाला."

मला वाटलं, डोक्याने सटकलेला आहे. गावात पुष्कळांना तसंच वाटत असे. त्याला सगळे 'जरनेल' म्हणायचे, आणि त्यातली थट्टा त्याला कळायची नाही असं नाही. पण साहेबाच्या नावाने मारलेली हाक म्हणून तो तिला ओ द्यायचा.

पोशा त्या विंडरबीसाहेबाचा ऑर्डर्ली होता. साहेब कॅप्टन असताना हा पलटणीत भरती झाला आणि पहिल्याच महिन्यात साहेबाच्या बूट-कपड्यांवर नेमला गेला. साहेबाची बढती झाली की खांद्यावरची जुनी निशाणी उसवून नवी लावायची, हे काम ऑर्डर्लीचं. पोशाने तीन तारे उसवून मुकुट लावला, तेव्हा साहेब मेजर झाला. मुकुटाखाली एक तारा लावला, तेव्हा लेफ्टनंट कर्नल. पुढचे हुद्दे लावायला हा तिथे नव्हता, पण कुठला तारा कुठे बसतो हे तो माझ्या टेबलावर बटणं मांडून दाखवायचा. ब्रिगेडियरला मुकुट नि तीन तारे. मेजर जनरलला तलवार आणि दंडुका एकमेकांवर तिरपे, वर एक तारा. "तो लावताना हात हलाला नाय पायजे," म्हणायचा. हात त्याचा आताही हलत नसे.

साहेबाचं सगळं करिअर त्याला पाठ. कुठल्या छावणीत किती महिने, कुठल्या डोंगरात कुठली टोळी, कुठल्या पार्टीत कुठल्या मडमेने साहेबाला नाही म्हटलं. बोलताना 'आम्ही' म्हणायचा. "आमाला कर्नल केला." मी एकदा चिडून विचारलं, "मामा, तुम्हाला काय केलं हो?" तर विजारीची कड सरळ करत म्हणाला, "मना कशाला करतील, मी ऑर्डर्ली."

या माणसाला इंग्लंडला कसली चिठ्ठी धाडायची होती, ते आता सांगते.

बेचाळीस सालची ब्रह्मदेशातली माघार. जपानी मागे लागलेले. साहेब पलटणीचा मुख्य, आणि अंगात ताप. पलटणीत एक नियम होता, आणि तो साध्यातल्या साध्या शिपायालाही ठाऊक होता: नकाशांच्या पिशवीला ऑर्डर्लीने हात लावायचा नाही. साहेबाचे बूट, बिछाना, दाढीचं सामान, बायकोचा फोटो, सगळं ऑर्डर्लीचं. नकाशांची पिशवी साहेबाच्याच खांद्यावर. झोपतानासुद्धा ती उशाशी साहेबच ठेवणार, साहेबच उचलणार. एका सकाळी घाईघाईत एक बंगला सोडला आणि सहा मैल चालून आल्यावर साहेबाने खांद्याला हात लावला. पिशवी नव्हती. त्या पिशवीत कुठली तुकडी कुठल्या पुलावरून जाणार ते सगळं होतं. दोन दिवसांनी एका पुलाशी जपानी आधीच येऊन बसलेले निघाले. त्या पुलावर माणसं मेली. त्यात एक आपल्या इथल्या अंबाडी गावाकडचा होता.

चौकशी बसली. चौकशीच्या सकाळी साहेब पोशाकडे दाढी करून घ्यायला बसला आणि चेहऱ्याला साबण असतानाच बोलला. साहेबाचं ते हिंदुस्तानी पोशा जसंच्या तसं म्हणून दाखवायचा, आवाजासकट.

"पोशा, तुम्हारा एक कागज खराब होगा. हमारा सब जाएगा. लडाई खतम होगा, हम ठीक करेगा. वर्ड देता है."

पोशाने आत जाऊन सांगितलं की पिशवी माझ्याकडे होती. चौकशीला बसलेल्या तिन्ही साहेबांना तो नियम ठाऊक होता. ऑर्डर्लीकडे नकाशे कसे, असं एकानेही विचारलं नाही. विचारायचं नव्हतंच मुळी. एक शिपाई गेला तर काय, आणि एक कर्नल गेला तर केवढं! पोशाला सहा महिने कोठडी झाली, नाव कापलं आणि डिस्चार्ज बुकात लाल शाईने शेरा मारला: चारित्र्य, खराब. साहेब त्याच वर्षी कर्नल झाला.

पोशा गावी पोचायच्या आधी गोष्ट गावात पोचली होती, आणि वाटेत ती चांगली पोसलीही होती. जपान्याकडून पैसे घेऊन पोशाने नकाशे विकले. अंबाडीच्या बाजूचं पोर याच्यामुळे मेलं. लाल शाईचा शेरा होताच. वाचता कुणाला येत नव्हतं, पण लाल रंग सगळ्यांना दिसतो. पुढे मंजुळेचं लग्न ठरलं आणि साखरपुड्याच्या आठ दिवस आधी मोडलं. मुलाचा चुलता अंबाडीचा होता. शेवटी ती एका बिजवराला दिली, तीही अंबाडीच्याच बाजूला, आणि तिथे ती जन्मभर फितुराची लेक म्हणून राहिली. ठाण्याला सैनिकांच्या कचेरीत पोशा गेला, तर कारकुनाने सांगितलं, बाबा, त्या साहेबाने स्वतः लिहून दिलं तर हा शेरा पुसता येईल, नाहीतर ब्रह्मदेव आला तरी नाही.

तेव्हा चिठ्ठी ती एवढ्यासाठी. पेन्शन मागायची नव्हती. साहेबाने एका ओळीत लिहावं की पिशवी पोशाकडे नव्हती. बस.

मी विचारलं, "इतकी वर्षं थांबलात कशाला?"

"साहेबानं वर्ड दिलाय ना," तो म्हणाला. आठवण करून देणं त्याला उद्धटपणाचं वाटत होतं. आता सत्तरीकडे झुकल्यावर, आणि बायको मागे लागली म्हणून, तो आला होता.

लढाई संपल्यावर एकदा त्याने साहेबाला पाहिलं होतं. साहेब देवळालीच्या छावणीत आलाय असं कुणीतरी सांगितलं, हा गेला आणि फाटकाबाहेर दोन दिवस उभा राहिला. तिसऱ्या सकाळी मोटार आली. मुकुट नि तीन तारे. साहेबाने मोटार थांबवली, खाली उतरला, सगळ्या पहारेकऱ्यांसमोर पोशाशी शेकहँड केला आणि म्हणाला, "वर्ड याद है, पोशा." आणि गेला. एवढंच. त्या शेकहँडवर हा माणूस तीस वर्षं जगला. मी म्हटलं, मामा, त्याच वेळी कागद लिहून मागायचा की! तर म्हणाला, साहेबाकडं पेन नव्हता. मेजर जनरल व्हायच्या वाटेवरच्या माणसाकडे पेन नव्हता! मी चिठ्ठी टाइप करून दिली.

देवळालीच्या त्या भेटीनंतर चार-पाच नाताळांना साहेबाची कार्डं आली होती, शेवटच्या कार्डावर मेजर जनरल असं छापलेलं आणि मागे पत्ता. त्या पत्त्यावर आम्ही दर वर्षी नाताळच्या आधी चिठ्ठी धाडायचो. खाली तो साहेबाने शिकवलेल्या इंग्रजी अक्षरांत सही करायचा. मला टायपिंगबद्दल वालाच्या शेंगा, करवंदं असं काहीतरी फडक्यात बांधून आणायचा. उत्तर एकाही वर्षी आलं नाही.

त्याच्या खरेपणाची एक गोष्ट सांगायलाच हवी, नाहीतर पुढचं समजायचं नाही. एकदा इस्माईलशेठचं सूत कशेळीच्या नाक्यावरून जकातीच्या पावतीशिवाय आलं. मागोमाग इन्स्पेक्टर दारात. शेठने आधीच पढवून ठेवलं होतं की गाडी कालची आहे म्हणायचं. इन्स्पेक्टरने विचारलं, पोशाने टाच आपटली आणि गाडी आजची, नऊ वाजताची, गाठी बावीस, असं सगळं सांगून टाकलं. शेठला चांगलाच भुर्दंड बसला. शेठ थयथयाट करत त्याला म्हणाला, तुझं इमान कुणाशी आहे रे, मीठ कुणाचं खातोस? पोशा म्हणाला, साहेबाचा ऑर्डर्ली खोटं बोलत नाही. शेठने संध्याकाळपर्यंत त्याला काढून टाकलं आणि दुसऱ्या सकाळी स्वतः घरी जाऊन परत आणलं. "ऐसा आदमी दरवाजे पे होना मंगताय," असं मला शेठनेच हसत सांगितलं. मला हसू आलं नाही. हा माणूस उभ्या जन्मात एकच खोटं बोलला होता, आणि ते ज्याच्यासाठी बोलला त्याच्याच खरेपणाची द्वाही फिरवत हिंडत होता.

त्याची बायको हिरूबाय. कामाला वाघ आणि जिभेला धार. ती मला म्हणायची, "बाय, आमच्या घरान तीन मानसा. मी, ह्यो, आन त्यो गोरा. जेवाया पयला त्यो बसतंय." पण बाहेर कुणी पोशाबद्दल ब्र काढला की तिची पदर खोचून तयारी. पाणवठ्यावर, बाजारात, लेकीच्या सासरी, जिथे जाईल तिथे ती सांगायची की माझ्या नवऱ्याने पिशवीला हात लावला नव्हता, त्याने साहेबाला वाचवलंय. पस्तीस वर्षं ती हे सांगत होती. लोक ऐकून घ्यायचे आणि ती वळली की हसायचे.

आणि मग उत्तर आलं. आणीबाणी उठली त्या वर्षी, पावसाळा संपता संपता. पत्ता माझ्या क्लासचा दिला होता, म्हणून जाड पाकीट माझ्या हातात पडलं. मी निरोप धाडला तर पोशाचा उलट निरोप: फोडू नका, साहेबाची डाक आहे, घरी घेऊन या. मी गेले. तो आंघोळ करून, इस्त्रीचे कपडे घालून ओटीवर उभा होता. हिरूबायने शेजारणींना बोलावून घेतलं होतं, मंजुळाही आदल्या दिवशीच येऊन राहिली होती. मला पाट दिला. पाकीट मी त्यांच्यासमोर फोडलं आणि वाचत वाचत मराठी करत गेले. पुढच्या ओळीत काय आहे ते मलाच ठाऊक नव्हतं. तेवढी एक चूक मी केली. आधी फोडायला हवं होतं, त्याला काय वाटायचं ते वाटो.

सुरुवात गोड होती. प्रिय पोशा, तुझ्यासारखी इस्त्री पुढे कुणी केली नाही. बायका एकमेकींकडे बघून हसल्या. साहेबाला आता 'सर' किताब मिळाला होता, बागेत गुलाब होते, पाय दुखत होते. आपल्या नोकरीच्या आठवणींचं पुस्तक तो लिहीत होता. आणि मग लिहिलं होतं:

"त्या दुर्दैवी पिशवीबद्दल तू अजून मनाला लावून घेतोस हे वाचून वाईट वाटलं. मला ताप होता म्हणून ती मी तुझ्याकडे सोपवली, ही चूक मी पुस्तकात मोकळेपणी कबूल केली आहे. तू ती विसरलास की कुणाला दिलीस, याच्या खोलात मी मुद्दाम शिरलो नाही. तुला मोठ्या शिक्षेतून सोडवण्यासाठी जे करता आलं ते मी केलं. झालं गेलं विसर. मी तुला कधीच माफ केलं आहे."

पोशा म्हणाला, "परत वाच." मी परत वाचलं. शब्द तेच होते.

हिरूबाय म्हणाली, "आयकला? आजून इचारतंय, कुनाला दिली."

शेजारणी एक एक करून उठल्या. त्यांना जे ऐकायचं होतं ते मिळालं होतं, आणि तेही साहेबाच्या सहीचं. मंजुळा भिंतीकडे तोंड करून बसली. पोशाने माझ्याकडे पाहिलं. "वरती माजाच नाव हाय? पोशा?"

"हो."

"साहेबानं वलखलं," तो म्हणाला, आणि पत्र दोन्ही हातांनी घेतलं.

मी त्या दुपारी क्लासला सुट्टी दिली आणि उभ्या आयुष्यात लिहिलं नव्हतं तसं इंग्रजी लिहिलं. नियमाची आठवण दिली, साबण लावलेल्या चेहऱ्याची दिली, मंजुळेच्या मोडलेल्या लग्नाची दिली. म्हाताऱ्या, मरताना तरी खरं बोल, असं सभ्य भाषेत जितकं बसेल तितकं बसवलं. ते घेऊन पोशाकडे सहीला गेले. त्याने कागद हातात घेतला नाही.

"साहेबाला खोटा पाडाचा?"

"तो खोटाच आहे मामा."

मग त्याने मला अगदी मनापासून विचारलं, पोरीला विचारावं तसं. "येवढा मोठा मानूस, बाय. सर झाला. पुस्तकान खोटं लिवल?"

मी म्हटलं, लिहील, मोठी माणसंच लिहितात. पुस्तकं लिहायला आपल्याला कोण सांगतंय?

त्याने मान हलवली. "न्हाय. मंग मीच इसरलो आसंन."

मला ओरडावंसं वाटलं. साहेबाने आधी त्याची नोकरी घेतली, मग अब्रू, मग पोरीचं लग्न. या सगळ्यातून एकच गोष्ट त्याच्याकडे उरली होती, ती म्हणजे स्वतःला ठाऊक असलेलं खरं. तेही त्याने आपल्या हाताने, इस्त्री करून, साहेबाला देऊन टाकलं. लोक म्हणतात बिचारा भोळा. मला कीव करता येत नाही. कीव केली की राग जातो, आणि हा राग मला जायला नको आहे.

ते पत्र मी त्याच्या सहीवाचून पोस्टात टाकलं. उत्तर आलं नाही. अपेक्षाही नव्हती.

पोशा क्लासवर यायचा बंद झाला. हिरूबाय मात्र एकदा आली, बोचकं घेऊन. मंजुळेकडे राहायला चालली होती, कायमची. पाणीसुद्धा घेतलं नाही. म्हणाली, "पस्तीस वरसा मी लोकांना सांगत आले, माजा नवरा खरा हाय. आता त्योच मना खोटी पाडतंय." एसटीची वेळ झाली म्हणून ती निघाली. मला पुन्हा भेटली नाही.

त्यानंतर वर्षभराने मी पोशाला शेवटचं पाहिलं. इस्माईलशेठचे काही फॉर्म टाइप झाले होते, ते द्यायला कारखान्यावर गेले. दुपारची शिफ्ट बदलत होती. फाटकाशी सात-आठ कामगार डबे सोडून बसले होते, सगळे नवे, उत्तरेकडून आलेले, आणि स्टुलावर पोशा. सदऱ्याची इस्त्री तशीच होती. साहेबाचं करिअर चाललं होतं, हिंदीत. कॅप्टन झाला, मेजर झाला, मुकुटाखाली तारा लागला, ब्रह्मदेश आला. मी फॉर्म हातात घेऊन उभी राहिले.

"साहब को बुखार था," पोशा सांगत होता. "बोला, पोशा, थैला तुम लो. मेरा दोनों हाथ में सामान. इधर ट्रंक, इधर बिस्तरा. तो थैला मैंने खिडकी में रखा. एक मिनट का वास्ते रखा. और भूल गया."

ती खिडकी मी कधी ऐकली नव्हती. पत्रातही नव्हती. ती त्याने नवीन केली होती.

"कितना आदमी मरा मेरे वजह से," तो म्हणाला. "दूसरा साहब होता तो गोली मारता. मेरे साहब ने मुझे बचाया."

एक पोरगा हसत म्हणाला, चाचा, फेंकते हो, इतना बडा साहब तुम्हारे लिए काहे को झूठ-सच करेगा? बाकीचेही हसले. पोशाचा चेहरा उतरला. इकडेतिकडे पाहताना त्याला मी दिसले. तो झटकन उठला, टाच आपटली आणि माझ्याकडे हात केला.

"यह बाई को पूछो. साहब का कागज इसी ने पढा है." आणि मग मराठीत, हळू, "सांग ना बाय त्यांना. लिवलंय ना साहेबानं? पिशवी माज्याकडं व्हती म्हून?"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. पोशा अटेन्शनमध्ये उभा होता.

मी म्हटलं, "हो. लिहिलंय."